गाणारा तारा कसा रचावा

काल्पनिक संस्कृती रचू पाहणाऱ्या लेखकाला तिच्या आकाशात एखादा गाणारा तारा असावा असे कधी ना कधी वाटतेच, आणि बहुतेक वेळा तो तारा दुसऱ्या प्रकरणापर्यंत मुका होतो. पहिल्या पानावर लोक त्याचे गाणे ऐकून हात जोडतात, एखादी आजी त्याची जन्मकथा सांगते आणि कथा पुढे युद्धाकडे किंवा प्रेमाकडे वळली की तारा नाटकाच्या मागच्या पडद्यासारखा उरतो. याचे कारण सरळ आहे: त्या ताऱ्यामुळे त्या लोकांपैकी कोणालाही कसलेच काम करावे लागत नाही. येथे सांगितलेली पद्धत म्हणून कामापासून सुरू होते. तारा कसा दिसतो, त्याचे नाव काय आणि त्याची पूजा कशी होते, हे प्रश्न महत्त्वाचे असले तरी ते नंतरचे आहेत.

नाशिकमध्ये राहून लिहिणाऱ्याला याचा नमुना शोधायला दूर जावे लागत नाही. गुरू सिंह राशीत आला म्हणजे सिंहस्थ लागतो, आणि आकाशातील एवढ्या एका घटनेसाठी येथे रस्ते रुंद होतात, घाट बांधले जातात, आखाड्यांच्या मिरवणुकींचा क्रम ठरतो व शैव आखाड्यांनी त्र्यंबकेश्वरच्या कुशावर्तात, तर वैष्णव आखाड्यांनी नाशिकच्या रामकुंडात स्नान करायचे ही वाटणी कसोशीने पाळली जाते. गुरूची सूर्याभोवतीची एक फेरी ११.८६ वर्षांची असल्यामुळे बारा वर्षांचा हिशेब हळूहळू सरकतो आणि कधीतरी मेळा अकराव्या वर्षी घ्यावा लागतो; हरिद्वारचा कुंभ २०१० नंतर २०२१ मध्ये झाला, तो असाच. आकाशात गुरू नेमका कोठे आहे हे ओळखू शकणारी माणसे गर्दीत थोडीच असतात, पण त्याच्यामुळे ज्यांची दिनचर्या बदलते ती लाखो असतात. आपल्या ताऱ्यासाठी हे प्रमाण डोळ्यांपुढे ठेवावे.

सर्वप्रथम ताऱ्याचे 'गाणे' म्हणजे नेमके काय, हे ठरवावे. अवकाशात हवा नसल्यामुळे ध्वनी तेथून पृथ्वीवर पोहोचत नाही, आणि वाचकाला हे ठाऊक असते. तरीही तारे थरथरतात हे खरे आहे. सूर्याच्या पृष्ठभागाचा सुमारे पाच मिनिटांनी येणारा हेलकावा रॉबर्ट लेटन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६० नंतरच्या पहिल्या काही वर्षांत दाखवून दिला. हा हेलकावा ऐंशी हजार पटींनी वेगवान केला, तर पेटीच्या मधल्या सप्तकातील पांढरी एकच्या आसपासचा सूर मिळतो. तारा जितका विरळ आणि फुगलेला, तितका त्याचा सूर खर्जातला. तांबड्या राक्षसी ताऱ्यांचे हेलकावे तासांचे किंवा दिवसांचे असतात. दुसरा प्रकार स्पंदक ताऱ्यांचा, म्हणजे ठरावीक अंतराने रेडिओ लहरींचे ठोके देणाऱ्या पल्सरांचा. त्यांचे रेडिओ ठोके ध्वनिक्षेपकाला जोडले की अक्षरशः ताल ऐकू येतो. १९६७ मध्ये सापडलेला पहिला स्पंदक मिनिटाला सुमारे ४५ ठोके देतो, म्हणजे विलंबित लय, तर वेला स्पंदक सेकंदाला ११ ठोके देतो. पुण्याला जाताना नारायणगावजवळच्या खोडद येथील महाकाय रेडिओ दुर्बीण ज्यांनी पाहिली आहे, त्यांना प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या त्या ३० तबकड्या आठवतील. असे ठोके टिपायला रेडिओ दुर्बीण लागते. तुमची संस्कृती विळा, नांगर आणि होडी एवढ्यावर चालणारी असेल, तर हे दोन्ही प्रकार तिच्या हाताबाहेरचे आहेत.

म्हणून माझा आग्रह तिसऱ्या प्रकाराचा आहे: ज्याचे तेज ठरावीक अवधीने कमी-जास्त होते असा रूपविकारी तारा घ्यावा. अशा ताऱ्याला स्वतःचा ताल असतो, तो नुसत्या डोळ्यांनी दिसतो आणि आवाज माणसांनी द्यायचा असतो. तारा ताल धरतो व लोक गातात, अशी वाटणी केली की संस्कृतीला ताबडतोब काम मिळते.

असा तारा लिहिण्यापूर्वी एकदा प्रत्यक्ष पाहावा. मराठीत ज्याला स्वरमंडळ म्हणतात, त्या तारकासमूहात अभिजितसारखा ठळक तारा आहे. अभिजितच्या शेजारी चार मंद ताऱ्यांचा एक लहान तिरपा चौकोन दिसतो आणि त्याच्या दूरच्या टोकाला दोन तारे असतात. त्यांपैकी एक, बीटा लायरी, सुमारे १३ दिवसांच्या अवधीत दोनदा मंदावतो. एकदा खोल आणि एकदा उथळ. दुसरा, गॅमा लायरी, जवळपास स्थिर असतो. बीटा पूर्ण तेजात असताना दोघे जवळजवळ सारखे दिसतात आणि खोल मंदीत बीटा स्पष्टपणे फिका पडतो. पावसाळा सरल्यावर, ऑक्टोबरच्या मध्यापासून नोव्हेंबरपर्यंत, अंधार पडल्यावर लगेच वायव्येकडे पाहावे. शहरातील दिव्यांमुळे इतके मंद तारे हरवतात. अंजनेरीच्या पायथ्याशी किंवा गंगापूर धरणाच्या फुगवट्याच्या बाजूला गेल्यास ते सहज सापडतात. दोन आठवडे रोज एकाच वेळी पाहून 'सारखा', 'किंचित फिका', 'फिका' एवढीच नोंद वहीत करावी. तुमच्या कथेतील माणसे काय करत असतील, हे त्या वहीतून जितके कळते तितके कोणत्याही ग्रंथातून कळत नाही: ढग आल्यावरची चिडचिड, कालच्या नोंदीबद्दलचा संशय आणि शेजारी उभ्या असलेल्या माणसाला आपल्यापेक्षा वेगळे दिसले म्हणून होणारा वाद. हा प्रकाश सुमारे साडेनऊशे वर्षांपूर्वी, म्हणजे यादवांची राजधानी सिन्नरला असण्याच्या काळात निघालेला आहे, हे जाता जाता लक्षात ठेवावे.

या ताऱ्याचे तेज बदलते हे १७८४ मध्ये इंग्लंडमधील यॉर्कच्या जॉन गुडरिक या विशीतल्या तरुणाने ओळखले. तो लहानपणापासून बहिरा होता आणि १७८६ मध्ये एकविसाव्या वर्षी वारला. संगीतमय तारा रचणाऱ्याने या माहितीपाशी थांबावे. ताऱ्याचे गाणे ऐकण्याचा अधिकार उत्तम कान असलेल्यांकडे असावा, ही आपली पहिली आणि आळशी कल्पना असते. वास्तवात स्वरमंडळातला हा ताल ज्याने प्रथम मोजला, त्याला कानांनी काहीच ऐकू येत नव्हते.

आता उदाहरणासाठी एक तारा रचू. त्याला 'संबळ्या' म्हणू, कारण संबळाला एक थोरले आणि एक धाकटे अशी दोन भांडी असतात आणि आपल्या ताऱ्यालाही एक खोल व एक उथळ मंदी आहे. आपल्याकडे सप्तर्षीत म्हातारीचे बाजले आणि ते पळवणारे तीन चोर पाहिले जातात. लोक आकाशाला घरातल्या वस्तूंची नावे देतात, संस्कृतप्रचुर नावे पंडित देतात. तुमच्या संस्कृतीत दोन्ही थर असतील, तर दोन नावे ठेवावीत आणि कोण कोणते वापरतो हे काटेकोरपणे पाळावे.

संबळ्याचा एक फेरा १३ दिवसांचा धरू. असा आकडा ठरवताना तो इतर कालगणनांशी कसा भिडतो, हे कागदावर मांडून पाहावे. २८ फेऱ्यांचे ३६४ दिवस होतात, म्हणजे वर्षाला जेमतेम सव्वा दिवस कमी. आणि अभिजित धरून नक्षत्रेही २८ आहेत. ९ फेऱ्यांचे ११७ दिवस होतात, तर आषाढी एकादशीपासून कार्तिकी एकादशीपर्यंतचे चार चांद्रमास सुमारे ११८ दिवसांचे. म्हणजे ताऱ्याने मोजणारे आणि चंद्राने मोजणारे चातुर्मासाच्या शेवटी एका दिवसाने चुकामूक करतात. हा एक दिवस फार मोलाचा आहे. सगळे आकडे तंतोतंत जुळवण्याचा मोह होतो, तो आवरावा. जुळलेल्या आकड्यांत सण निघतो, न जुळलेल्या आकड्यांत कथा निघते.

त्यानंतर ताऱ्याचे आकाशातील स्थान आणि प्रदेशाचे हवामान एकत्र पाहावे, आणि येथे नाशिकसारख्या पावसाळी प्रदेशातील लेखकाला मोठा फायदा आहे. स्वरमंडळ सायंकाळी सर्वांत उंच असते ते जुलै-ऑगस्टमध्ये, आणि नेमके तेव्हाच ब्रह्मगिरीकडून आलेले ढग आभाळ झाकून टाकतात. तारा डोक्यावर आहे, पण दिसत नाही. आपल्या काल्पनिक प्रदेशाला कातळखोरे म्हणू. तेथेही पश्चिमेला डोंगर आहेत, पाऊस तिकडूनच येतो आणि संबळ्या चार महिने कोणालाही दिसत नाही. उरलेल्या आठ महिन्यांत कोणीही मान वर करून त्याची मंदी पाहू शकतो, त्यामुळे त्या काळात त्याच्याविषयी कोणाचाच अधिकार चालत नाही. पावसाळ्यात मात्र कोणीतरी दिवस मोजत राहावे लागते, आणि ज्याच्याकडे मोजणी असते त्याच्याकडे अधिकार येतो.

त्या माणसाला ठोकेकरी म्हणू. पावसाळ्यात दर साडेसहा दिवसांनी तो एकदा थोरले आणि एकदा धाकटे भांडे वाजवतो आणि गाव त्यावरून आपली कामे लावतो. त्याच्या पोटापाण्याची व्यवस्था लेखकाने आधीच ठरवावी, कारण येथेच बहुतेक काल्पनिक पुरोहित हवेत तरंगू लागतात. आपल्याकडील बलुतेदारी डोळ्यांपुढे ठेवली तर हे सोपे जाते: सुगीला प्रत्येक खळ्यावरून ठरलेला वाटा, त्या वाट्यावरून होणारी कुरकुर, वाटा कमी पडला तर ठोका उशिरा पडेल अशी गावात पसरलेली भीती आणि आपल्या मुलाने हे काम करू नये असे वाटणारी ठोकेकऱ्याची बायको. मोजणीची साधने साधी ठेवावीत. मुहूर्त साधण्यासाठी आपल्याकडे घंगाळात घटिकापात्र सोडत असत आणि ते भरून बुडाले की २४ मिनिटांची एक घटिका झाली असे धरत. पण कातळखोऱ्याला तासांची गरज नाही, दिवस पुरेत. दोरीची गाठ, रांजणातले खडे किंवा भिंतीवरील चुन्याची रेघ चालेल. प्रत्येक साधन वेगळ्या रीतीने चुकते, हे मात्र ध्यानात ठेवावे: दोरी उंदीर कुरतडतात, रांजणात मुले खडे टाकतात आणि ओल आली की चुन्याची रेघ पुसली जाते.

गावाचे कोणते काम या ठोक्यांवर अवलंबून आहे, याचे उत्तर एका वाक्यात देता आले पाहिजे. येथील वाचकांना मृग नक्षत्र कधी निघते व यंदा त्याचे वाहन कोणते यावर पेरणीचा अंदाज बांधणारी माणसे परिचित आहेत, आणि 'पडतील स्वाती तर पिकतील मोती' ही म्हणही त्यांनी ऐकलेली असते. त्याहून कसाचे उदाहरण द्राक्षबागेचे आहे. पाऊस पुरता सरण्यापूर्वी गोडी छाटणी, म्हणजे फळ धरण्यासाठीची छाटणी, केली तर डावणी या रोगाचा धोका वाढतो, उशिरा केली तर माल उशिरा बाजारात येतो. बागलाणात लवकर छाटणी करणारे हा धोका जाणूनबुजून पत्करतात. कातळखोऱ्यातही असेच एक पीक ठेवावे, ज्याची छाटणी नवव्या थोरल्या ठोक्यानंतर करायची असते. मग चंद्राने मोजणाऱ्या पैलतीरावरच्या गावाची छाटणी एक दिवस पुढे जाते, दोन्ही गावांना मजूर तेच लागतात, आणि ताऱ्याच्या गाण्याविषयीचा मतभेद मजुरीच्या दरापर्यंत येऊन पोहोचतो.

या सर्वांच्या मुळाशी घालण्यासारखी एक गोष्ट बीटा लायरीकडूनच घेता येते. त्या जोडताऱ्यातील एका ताऱ्याचे द्रव्य दुसऱ्याकडे वाहत असल्यामुळे त्याचा अवधी दरवर्षी सुमारे १९ सेकंदांनी वाढतो. ही वाढ क्षुल्लक वाटते, पण ती प्रत्येक फेऱ्यात साठत जाते. संबळ्यालाही हाच नियम लावला आणि लोक मात्र जुन्याच १३ दिवसांनी मोजत राहिले, तर एका सिंहस्थापासून पुढच्या सिंहस्थापर्यंतच्या काळात, म्हणजे १२ वर्षांत, सुमारे १० ते ११ तासांचा फरक पडतो. मंदीचा नेमका क्षण नुसत्या डोळ्यांना तासांत सांगता येत नसल्यामुळे तो कोणाच्या लक्षात येत नाही. २५ वर्षांत तो जवळजवळ दोन दिवसांचा होतो आणि तेव्हा लक्षात येतो. शंभर वर्षांत तो सुमारे महिनाभराचा होतो. म्हणजे बापाने तरुणपणी बिनचूक मोजलेला ठोका मुलाच्या उमेदीत चुकीचा ठरतो, आणि त्यात दोघांपैकी कोणाचाही दोष नसतो. तारा थकला आहे, असे एक गट म्हणेल. आपल्या पूर्वजांनी खोटे मोजले, असे दुसरा गट म्हणेल. ठोका हाच खरा, ताऱ्यानेच त्याला पाळावे, असे म्हणणारा तिसरा गटही निघेल, आणि माझ्या मते संस्कृती म्हणून तोच सर्वांत पटण्यासारखा आहे. कारण चार महिने लोकांनी तारा पाहिलेलाच नसतो, त्यांनी ठोका ऐकलेला असतो. भ्रष्ट पुजारी आणि सत्यवादी तरुण अशी झिजलेली जोडी आणण्यापेक्षा हा पेच कितीतरी सकस आहे.

संगीताकडे वळताना ताऱ्याच्या आकड्यांतूनच ताल काढावा. १३ मात्रांचे आवर्तन घेतले, तर थोरला ठोका समेवर येतो आणि धाकटा साडेसहा मात्रांनंतर, म्हणजे सातव्या मात्रेच्या मध्यावर पडतो. टाळी देऊन पाहावी. पहिल्या काही आवर्तनांत हात हमखास चुकतो. कातळखोऱ्यातील मुले हा ताल दळणकांडणाच्या वेळी नकळत शिकतात आणि परका माणूस सातव्या मात्रेवर टाळी देतो, एवढ्यावरून तो ओळखला जातो. सूर मोजकेच ठेवावेत. वाद्ये त्या प्रदेशात मिळणाऱ्या वस्तूंचीच असावीत. बांबू, भोपळा, चामडे आणि धातूची भांडी एवढ्यांतून पुष्कळ काही होते. नाशिक जिल्ह्याच्या पश्चिम पट्ट्यातील कोकणा समाजाच्या थाळगानात धातूच्या थाळीवर मेणाने काडी बसवून ती बोटांनी ओढली जाते, आणि त्या अखंड सुरावर कथा गायली जाते. साध्या वस्तूतून केवढा नाद निघू शकतो, हे कळण्यासाठी अशी परंपरा ऐकावी. मात्र ती जशीच्या तशी उचलून आपल्या काल्पनिक लोकांच्या हाती देऊ नये. संबळ गोंधळ्यांच्या उपासनेशी बांधलेले आहे, बोहाडा या सोंगांच्या उत्सवातील मुखवटे त्या त्या देवतांचे आहेत. नाव किंवा रचनेचे तत्त्व घेता येते, विधी घेता येत नाही.

गाण्याचे शब्द लिहिताना ताऱ्याची स्तुती टाळावी. रोज ज्याच्यावर काम अवलंबून असते त्याच्याशी माणसे तक्रारीच्या सुरात बोलतात, हे कोणतीही जात्यावरची ओवी ऐकली तरी कळते. संबळ्याच्या गाण्यात त्याला 'उशीर का लावलास', 'माझ्या भावाची बाग भिजली' असे विचारले जावे. शिव्या, नवस, मुलांचे खेळ आणि उखाणे यांतही तो यावा, पण ओझरता. खोल मंदीच्या रात्री जन्मलेल्या मुलाचे काय होते, याचे उत्तर मात्र जरूर तयार ठेवावे, कारण वाचक ते विचारतोच. आणि ते उत्तर शाप किंवा वरदान यांपैकी नसावे. ठोकेकऱ्याच्या घरी त्याचे पहिले जेवण होते, एवढे पुरे आहे.

गुडरिकच्या माहितीचा उपयोग येथे करता येईल. ठोकेकऱ्याच्या घरातील एक मुलगी बहिरी असावी. तिला भांड्यांचा आवाज ऐकू येत नाही, म्हणून पावसाळ्यात गावाबरोबर वाहून जाणे तिला शक्य नसते. पाऊस उघडताच ती आकाशाकडे पाहते आणि दोन दिवसांची चूक प्रथम तिला दिसते. तिला दिव्यदृष्टी देऊ नये. ती शेजारच्या स्थिर ताऱ्याशी तुलना करते, रोज एकाच वेळी पाहते आणि नोंद ठेवते, एवढेच तिचे सामर्थ्य असावे. तिचे म्हणणे लोकांना कसे कळवायचे, ही तिची खरी अडचण आहे आणि त्यावर निदान एक संपूर्ण प्रकरण खर्च करावे.

प्रत्यक्ष लिहायला बसण्यापूर्वी कथेच्या पूर्ण काळाचा तक्ता करावा. डाव्या रकान्यात दिवस, त्यापुढे तिथी, त्यापुढे संबळ्याची खरी अवस्था आणि शेवटी ठोकेकऱ्याच्या मते असलेली अवस्था लिहावी. शेवटच्या दोन रकान्यांतील फरक कथाभर वाढत गेला पाहिजे. रात्रीचे प्रसंग लिहिताना त्या दिवशी चंद्र किती आहे हेही पाहावे, कारण पौर्णिमेच्या आसपास असे मंद तारे चांदण्यात बुडतात आणि मंदी ओळखणे कठीण होते. हा तक्ता वाचकाला दाखवू नये. संपादनात एखादा प्रसंग पाच दिवस मागे किंवा पुढे सरकवला, तर तक्ता उघडून त्या प्रसंगातील तारा, चंद्र आणि ठोका हे तिन्ही पुन्हा तपासावेत, आणि त्या दिवशी वाजलेले भांडे थोरले होते की धाकटे हे संवादांतही दुरुस्त करावे.